तहनाम्यांचा माणूस

वऱ्हाडच्या इतिहासात कर्नल जॉन लो हे नाव एका तारखेपुरतेच येते : २१ मे १८५३. त्या दिवशी हैदराबादेत झालेल्या तहाने वऱ्हाडचा मुलूख निजामाच्या कारभारातून निघून इंग्रजांच्या हाती गेला. बुलढाण्याच्या पश्चिमेला थोड्याच अंतरावर, पैनगंगेकाठी वसलेले देऊळघाटही त्यातच गेले. तहावर कंपनी सरकारच्या वतीने सही करणारा लो हैदराबादेत जेमतेम काही महिने होता. वऱ्हाडात त्याने एका गावाचाही कारभार पाहिला नाही. तरीही या मुलखाची पुढची शंभर वर्षे ज्या कागदाने ठरवली, तो कागद वठवला त्याने.

लोचा संबंध एवढ्यावर संपत असता तर त्याच्याविषयी लिहिण्यासारखे फारसे नव्हते. पण मराठी माणसाच्या इतिहासात हा स्कॉटिश गृहस्थ तीनदा भेटतो. दुसऱ्या बाजीरावाने शस्त्र खाली ठेवले तेव्हा बोलणी करायला गेलेला तरुण अधिकारी तोच. वऱ्हाड घेणारा रेसिडेंट तोच. आणि नागपूरचे राज्य खालसा करण्याला कलकत्त्याच्या कौन्सिलात लेखी विरोध करणाराही तोच. तिन्ही प्रसंग एका माणसाच्या नोकरीत ओळीने मांडले, की कंपनीचे राज्य बंदुकीइतकेच गोड बोलण्यावरही कसे वाढत गेले ते दिसते.

जॉन लोचा जन्म १७८८ सालचा, स्कॉटलंडमधल्या फाइफ परगण्यातला. सतराव्या वर्षी तो मद्रासच्या फौजेत दाखल झाला. १८११ च्या जावा मोहिमेत होता. पण त्याचे नशीब उघडले ते सर जॉन माल्कमच्या हाताखाली आल्यावर. माल्कम हा त्या काळातला राजकारणी इंग्रजांचा मेरुमणी. फारसी बोलणारा, दरबारी रीतिरिवाज जाणणारा, हसतखेळत समोरच्याला आपल्या बाजूला वळवणारा. २१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूरला होळकरांचा पराभव झाला, त्या लढाईत लो माल्कमचा एडीसी होता. लढाई संपल्यावर सुरू होणारे काम, म्हणजे हरलेल्याशी बोलणे, त्याने माल्कमजवळच शिकून घेतले.

ते लगेच उपयोगी पडले. २० फेब्रुवारी १८१८ रोजी आष्टीच्या लढाईत बापू गोखले पडले आणि साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह इंग्रजांच्या हाती आले. एप्रिलमध्ये शिवणीजवळ पेशव्याच्या उरल्यासुरल्या फौजेची दाणादाण झाली. पाठीवर इंग्रजांच्या पलटणी घेऊन बाजीराव पळत पळत अशीरगडाच्या आसऱ्याला धुळकोटला आला. आता त्याला लढायचे नव्हते, पण शरण जायचेही धैर्य होत नव्हते. मे महिन्यात त्याचे वकील महूच्या छावणीत माल्कमकडे गेले. माल्कमने त्यांच्याबरोबर बाजीरावाकडे पाठवले ते लेफ्टनंट लोला. वय एकोणतीस.

बाजीरावाशी बोलणे म्हणजे काय प्रकार असे, ते पुण्याच्या रेसिडेन्सीतल्या एल्फिन्स्टनने वर्षानुवर्षे अनुभवले होते. गोड शब्द, डोळ्यांत पाणी, आज कबूल केलेले उद्या नाकबूल. लोने घाई केली नाही, पण मागेही हटला नाही. १ जूनला खैरीच्या घाटाजवळ माल्कम आणि बाजीराव यांची भेट झाली. अटी स्पष्ट होत्या : पेशवाईवरचा हक्क कायमचा सोडायचा, दक्षिणेत पाऊल टाकायचे नाही, आणि सालीना आठ लाखांहून कमी नाही इतकी नेमणूक घेऊन उत्तरेत राहायचे. ३ जूनला बाजीराव इंग्रजांच्या छावणीत दाखल झाला. गव्हर्नर जनरल हेस्टिंग्ज याला आठ लाखांचा आकडा जड वाटला, पण माल्कमने शब्द दिला होता. तो पाळला गेला.

मग त्याच बाजीरावाला उत्तरेत पोचवायचे आणि तिथे त्याच्यावर नजर ठेवायची, हे काम लोकडे आले. १८१९ च्या आरंभी पेशव्याचा लवाजमा गंगाकाठच्या ब्रह्मावर्ताला म्हणजे बिठूरला पोचला. लो तिथला कमिशनर झाला आणि १८२५ पर्यंत हे पद त्याच्याकडे राहिले. वरवर पाहता काम सोपे. पण कालचा पेशवा आज कोणाला भेटतो, कोणाला पत्रे लिहितो, तीर्थयात्रेच्या निमित्ताने कुठे जाऊ पाहतो, हे सारे न दुखावता सांभाळायचे होते. राज्य गेलेल्या माणसाचा मान राखायचा आणि हातात मात्र काही राहू द्यायचे नाही, हा कंपनीच्या रेसिडेंटांचा खरा धंदा. लो त्यात बिठूरला मुरला.

पुढची सतरा वर्षे त्याची बदली एका दरबारातून दुसऱ्या दरबारात होत राहिली. आधी जयपूर. मग थोडा काळ ग्वाल्हेर, जिथे तेव्हा बायजाबाई शिंदे कारभार चालवत होत्या. १८३१ पासून लखनौ. लखनौच्या अकरा वर्षांत त्याच्या स्वभावाच्या दोन्ही बाजू पुरत्या दिसल्या. अवधचा कारभार बिघडला आहे, तो आपण ताब्यात घ्यावा, असा विचार कलकत्त्यात चालला असताना लोने तो टाळण्याचा आग्रह धरला. राजा बदला, राज्य घेऊ नका, असे त्याचे म्हणणे. पण जुलै १८३७ मध्ये नवाब नसीरुद्दीन हैदर एका रात्रीत वारला आणि पादशाह बेगमने आपल्या पसंतीच्या मुन्ना जानला गादीवर बसवले, तेव्हा हाच लो राजवाड्यात शिरला. हत्यारबंद गर्दीत तो काही काळ अडकला होता. सुटल्यावर त्याने बेगमेला थोड्या मिनिटांची मुदत दिली. ती टळताच तोफा डागल्या गेल्या, शिपाई आत घुसले आणि सिंहासनाच्या दालनात माणसे मेली. सकाळी इंग्रजांच्या पसंतीचा वारस, मुहम्मद अली शाह, गादीवर होता. मनाने नरम असलेला लो हाताने नरम नव्हता.

लखनौनंतर तो विलायतेला गेला, पण पुन्हा परतला. १८४८ मध्ये राजपुतान्याचा एजंट झाला. साठी ओलांडलेला हा कर्नल आता सुखाने निवृत्त होईल असे कोणालाही वाटले असते. पण १८५३ मध्ये लॉर्ड डलहौसीला हैदराबादेत अशा माणसाची गरज पडली, जो तोंडाने मवाळ असेल आणि हुकूम मात्र शेवटास नेईल.

हैदराबादचा पेच जुना होता, आणि त्याच्या मुळाशी होती फौज. तैनाती फौजेचा खर्च निजामाने कधीच भागवला होता. १८०० च्या तहात त्यासाठी बल्लारी-कडप्याकडचा मुलूख त्याने कंपनीला देऊन टाकला होता. पण त्याखेरीज आणखी एक फौज हळूहळू उभी राहिली. रेसिडेंट हेन्री रसेलच्या काळात जिचा पाया पडला, ती पुढे हैदराबाद कॉन्टिंजंट म्हणून ओळखली गेली. नाव निजामाचे, पगार निजामाचा, अधिकारी इंग्रज आणि हुकूम रेसिडेंटचा. औरंगाबाद, हिंगोली, एलिचपूर अशा ठिकाणी तिच्या छावण्या. शांततेच्या काळात ही फौज पोसायला निजामाला बांधणारे कलम कुठल्याच तहात नव्हते. खुद्द डलहौसीने आपल्या टिपणीत ते मान्य केले होते. तरी पगार थकला की रेसिडेन्सीच्या खजिन्यातून उचल द्यायची आणि ती निजामाच्या नावावर कर्ज म्हणून लिहायची, असे चालले होते.

हा पैसा येई कुठून? मोठा भाग वऱ्हाडातून. दिवाण चंदूलालच्या काळात वऱ्हाडचे परगणे सावकारांना मक्त्याने दिले गेले. पुरणमल नावाच्या सावकाराकडे वऱ्हाडचा बराचसा वसूल होता. त्याला काढल्यावर मुंबईच्या पारशी पेस्तनजी कंपनीने सरकारला कर्जाऊ रकमा दिल्या आणि बदल्यात वऱ्हाडातला वसूल लावून घेतला. वऱ्हाडचा कापूस मुंबईला नेण्याची सुरुवात करणाऱ्यांत हेच पेस्तनजी होते. मक्तेदाराला मुदतीत आपला पैसा काढायचा असे, पुढच्या वर्षी गाव उजाड झाले तरी त्याचे काही जात नसे. मक्तेदार बदले, की नवा माणूस पाटील-देशमुखांकडून नव्याने वसुली सुरू करी. त्याआधीची काही दशके वऱ्हाडाने निजाम आणि नागपूरकर भोसले यांची दुअमली सोसली होती. १८०३ मध्ये देवगावच्या तहाने भोसल्यांचा अंमल वर्धेच्या पलीकडे गेला. दोन धन्यांचा एक झाला, पण रयतेच्या डोक्यावरचा भार हलका झाला नाही.

लो मार्च १८५३ मध्ये हैदराबादला पोचला, तेव्हा कंपनीच्या हिशेबाने कर्ज ४५ लाखांच्या वर गेले होते. त्याच्या हातात तयार तहाचा मसुदा होता. वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दुआब, मिळून पन्नास लाखांच्या आसपास उत्पन्नाचा मुलूख इंग्रजांच्या कारभाराखाली द्या, त्यातून कॉन्टिंजंटचा खर्च चालेल, कर्जाचे व्याज फिटेल आणि उरलेले तुम्हाला परत मिळेल, असा त्याचा मथितार्थ.

निजाम नासिर-उद-दौला याने जे उत्तर दिले ते लोने स्वतःच कलकत्त्याला कळवले आहे, आणि ते हैदराबादच्या राजकारणातले सर्वांत करारी बोलणे म्हणावे लागेल. राजाला दोनच गोष्टी कलंक लावतात, असे तो म्हणाला : गरज नसताना वडिलोपार्जित मुलूख देऊन टाकणे, आणि इमानाने लढलेल्या फौजेला घरी पाठवणे. तुम्ही मला त्यातले एक तरी करायला लावता आहात. मग त्याने इंग्रजांच्या जातीवरच बोट ठेवले. तुम्ही लोक कधी युरोपात असता, कधी हिंदुस्थानात. कधी शिपाई, कधी दर्यावर्दी, कधी म्हणे व्यापारीही. माझ्या घराण्याकडे हे राज्य सात पिढ्या आहे, मी इथेच जन्मलो आणि इथेच मरणार. माझ्या मनाला काय वाटते ते तुम्हाला कळायचे नाही.

पस्तीस वर्षांपूर्वी राज्य सोडताना कासावीस झालेला बाजीराव ज्याने जवळून पाहिला होता, त्या लोला हे बोलणे नवे नव्हते. त्याने वाद घातला नाही. मसुद्यात 'कायमचे' असा जो शब्द होता, त्याला निजामाने कडाडून हरकत घेतली तेव्हा लोने तो काढून टाकला. फौजेची गरज असेल तोवरच हा मुलूख आमच्याकडे राहील, असे त्याने समजावले. या सवलतीने निजामाची समजूत पटली नाही, पण त्याच्या अब्रूला एक पडदा मिळाला.

तरीही सही होईना. मग १४ मे रोजी रेसिडेन्सीतला सहायक मेजर डेव्हिडसन याने दिवाण सिराज-उल-मुल्कला एक चिठ्ठी लिहिली. पुण्याहून आपल्या पुतण्याचे पत्र आले आहे, तिथल्या ७८ व्या हायलँडर्स आणि ८६ व्या पलटणीला हैदराबादेवर चालून जाण्यास तयार राहण्याचा हुकूम झाला आहे, असे तो त्यात सांगत होता. खासगी पत्रातली खासगी बातमी, पण तिचा अर्थ कळायला दरबारात कुणाला वेळ लागला नाही. आठवड्याभरात तह झाला. लोच्या सौजन्यामागे पुण्याच्या पलटणी उभ्या होत्या. त्या उभ्या होत्या म्हणूनच त्याला सौजन्य परवडत होते.

तहाने नव्या कॉन्टिंजंटची मोजदाद ठरवली : किमान पाच हजार पायदळ, दोन हजार घोडदळ आणि तोफखान्याच्या चार तुकड्या. तहानंतर आठवड्याच्या आत सिराज-उल-मुल्क वारला आणि त्याचा चोवीस वर्षांचा पुतण्या दिवाण झाला. तो पहिला सालारजंग. वऱ्हाड परत मिळवणे हे त्याने पुढची तीस वर्षे आपले ध्येय मानले, त्यासाठी अर्जफाटे केले, १८७६ मध्ये विलायतेचा प्रवास केला. हाती काही लागले नाही.

लो मात्र तहाच्याच वर्षी कलकत्त्याला गव्हर्नर जनरलच्या कौन्सिलचा सभासद म्हणून गेला. डिसेंबर १८५३ मध्ये नागपूरचे तिसरे रघूजी भोसले निपुत्रिक वारले आणि डलहौसीने राज्य खालसा करण्याचे ठरवले. फेब्रुवारी १८५४ मध्ये लोने त्यावर लांब विरोधी टिपण लिहिले. त्यातला सर्वांत टोकदार भाग साताऱ्याविषयी आहे. १८५० मध्ये आपण माळव्यात गेलो असता जुने ओळखीचे लोक भेटले, आणि साताऱ्याच्या राजाने असा कोणता गुन्हा केला म्हणून कंपनीने त्याचे राज्य घेतले, असे ते आपल्याला विचारत होते, हे त्याने लिहून ठेवले. लोकांना आपला राजा बरा वाटतो, आपली शिस्त नव्हे, हे त्याचे मत. डलहौसीने टिपण वाचले, बाजूला ठेवले आणि मार्चमध्ये नागपूर घेतले.

इथे लोला संत ठरवायचा मोह आवरावा. त्याच सुमारास झाशीचा प्रश्न आला, तेव्हा तिथला राजा स्वतंत्र नव्हता, आधी पेशव्यांचा आणि मग आपला मांडलिक होता, असे म्हणून त्याने खालसा करण्याला संमती दिली. पुढच्या वर्षी अवध घेण्यासही मान डोलावली, आणि तीही जिथल्या राज्यासाठी त्याने एके काळी रदबदली केली होती त्या लखनौविषयी. नागपूरबद्दलचा कळवळा खरा होता, पण तो कागदावर राहिला. मे १८५७ मध्ये, मीरतचा भडका उडाला त्याच दिवसांत, लखनौच्या शिपायांनी काडतुसे नाकारली ती बेइमानीने नव्हे, जात बाटण्याच्या खऱ्या भीतीने, असे त्याने कौन्सिलात नोंदवले. हेही बरोबर होते, आणि यालाही उशीर झाला होता. १८५८ मध्ये तो कायमचा विलायतेला गेला आणि १८८० मध्ये वारला.

इकडे वऱ्हाडचे काय झाले? तहानंतर इंग्रजांनी मुलखाचे दोन जिल्हे पाडले. दक्षिण वऱ्हाडचे ठाणे हिंगोलीला आणि उत्तर वऱ्हाडचे बुलढाण्याला. देऊळघाटच्या शेजारची ही थंड हवेची उंचावरची जागा एकाएकी जिल्ह्याचे ठिकाण झाली. मधल्या काळात ठाणी बदलली, पण १८६७ मध्ये मेहकर जिल्ह्याची कचेरी बुलढाण्याला आली आणि जिल्ह्याला तेच नाव मिळाले. १८६० च्या नव्या तहाने धाराशिव आणि रायचूर निजामाला परत मिळाले, कर्ज माफ झाले, वऱ्हाड मात्र इंग्रजांकडेच राहिले. वर जमाखर्चाचा हिशेब मागायचा नाही, हेही निजामाकडून कबूल करून घेतले गेले. उरलेला वसूल परत मिळण्याच्या वचनाची ही कथा.

रयतेच्या बाजूने पाहिले तर बदल मोठा होता. १८६१ पासून मुंबई इलाख्याच्या पद्धतीने जमिनीची मोजणी सुरू झाली, शेताला नंबर आणि आकार ठरला, मक्तेदार गेले. त्याच वेळी अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. बालाघाटाच्या पठारावरून राजूर घाट उतरले की खाली मलकापूर, आणि तिथून रेल्वे. १८६७ मध्ये लोहमार्ग नागपूरला भिडला, १८७० मध्ये लॉर्ड मेयोच्या हस्ते खामगावचा फाटा सुरू झाला. सरकारचा आकार रोख भरायचा, रोख पैसा कापसाचा, आणि कापूस पेरायला सावकाराचे कर्ज, असे नवे चक्र त्याच वर्षांत फिरू लागले. मक्तेदाराच्या जागी सावकार आला असे म्हणणे अगदीच चूक ठरणार नाही, फक्त या वेळी त्याच्या पाठीशी दिवाणी कोर्ट होते.

'कायमचे' हा शब्द १८५३ मध्ये खोडला गेला होता. १९०२ मध्ये लॉर्ड कर्झनने तो दुसऱ्या दाराने आत आणला : वर्षाला पंचवीस लाख रुपये देऊन कायमचा पट्टा. पुढच्या वर्षी वऱ्हाड मध्य प्रांताला जोडले गेले. निजामाचे नाव मात्र कागदोपत्री टिकून राहिले, इतके की १९३६ मध्ये त्याला 'हैदराबाद आणि वऱ्हाडचा निजाम' हा किताब मिळाला आणि त्याचा वारस वऱ्हाडचा राजपुत्र म्हणवू लागला. देऊळघाटच्या शेतकऱ्याचा या राजपुत्राशी कवडीचाही संबंध नव्हता.

लोच्या सहीचा खरा परिणाम देऊळघाटच्या पश्चिमेला आणि दक्षिणेला पाहावा. तिकडचे सिल्लोड, भोकरदन, जाफराबाद हे भाग त्या तहात आले नाहीत. बोली जवळची, सोयरिकी दोन्हीकडे, बाजारहाट एकत्र, पण मधून एक रेघ गेली. रेघेच्या अलीकडे मराठी शाळा, मराठी कचेऱ्या, पुढे कायदेमंडळाच्या निवडणुका. पलीकडे उर्दू कारभार, जहागिरी, शेवटी रझाकारांचा काळ, आणि सप्टेंबर १९४८ ची पोलीस कारवाई. ज्या वर्षी अलीकडचे गाव स्वतंत्र भारतात होते, त्या वर्षी पलीकडचे गाव अजून मुक्तिलढ्यात होते. १९५६ मध्ये दोन्ही मुलूख मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात एकत्र आले, तरी विदर्भ आणि मराठवाडा हा भेद त्या रेघेवर आजही बऱ्याच अंशी उभा आहे. अनुशेषाच्या चर्चेत आणि १७ सप्टेंबरच्या मराठवाडा मुक्तिदिनी तो दरवर्षी दिसतो; २०२० पर्यंत विकास मंडळांच्या वाटपातही दिसे.

राज्ये घेऊ नयेत असे मनापासून मानणाऱ्या, ते लिहून ठेवणाऱ्या आणि तरी सांगितलेली प्रत्येक सही करणाऱ्या माणसाने ती रेघ ओढली. लोचे नागपूरवरचे टिपण इतिहासकारांच्या कौतुकाचा विषय झाले. वऱ्हाडच्या वाट्याला त्याचे मत आले नाही, सही आली.